आवाज काढणारा व्यंकट

व्यंकट कानगुले माणसाशी बोलताना त्याच्या डोळ्यांकडे पाहत नसे, तोंडाकडे पाही. समोरच्याला वाटे, किती मन लावून ऐकतोय हा. पहिल्या भेटीत मलाही तसंच वाटलं होतं आणि बरं वाटलं होतं. तिसऱ्या भेटीत तो कॉलेजच्या कॅन्टीनमध्ये माझ्या आवाजात चहा मागवत होता. वाक्य संपवताना मी घशात किंचित खाकरतो, हे मला तोवर माहीत नव्हतं. बायकोलाही नव्हतं. कॅन्टीनमधली सगळी पोरं हसली, मीही हसलो. दुसरं काय करणार?

मी नांदेडच्या एका कॉलेजात फिजिक्सच्या लॅबमध्ये असिस्टंट होतो. वायरी, अॅम्प्लिफायर, माईक यांच्यात मला गती होती, म्हणून स्नेहसंमेलनाचा साउंड दरवर्षी माझ्याकडे असायचा. व्यंकट चाकूरकडच्या एका खेड्यातून बी.ए.ला आलेला. उंच, हडकुळा, खांदे जरा पुढे झुकलेले. सगळ्यांना ‘मालक’ म्हणायचा. शिपाई मालक, प्राचार्य मालक, मीही मालक. मला आधी तो नम्रपणा वाटला. पुढे कळलं, त्याला नावं लक्षातच राहत नसत. त्याच्या डोक्यात माणसं आवाजानं लावलेली असायची. एखाद्याचं नाव सांगितलं की दोन क्षण विचार करायचा, मग त्याचा आवाज काढून विचारायचा, “हाच ना?” तो हाच असायचा.

रसायनशास्त्राला पाठक नावाचे सर होते. त्यांची जीभ ‘प’वर अडायची. स्वतःचं आडनाव सांगतानाही ओठ दोन-तीनदा मिटायचे आणि मग शब्द सुटायचा. वीस वर्षं शिकवत होते, पोरांना सवय झाली होती, कोणी हसत नसे. त्या वर्षीच्या संमेलनात व्यंकटनं पाठक सर केले. हजेरी घेणारे पाठक सर. पवार, पाटील, पांचाळ, पुंड अशी सगळी ‘प’ची नावं लावून. मांडव कोसळायचा तेवढा बाकी राहिला. पहिल्या रांगेत पाठक सर बसले होते. तेही हसले. कार्यक्रम संपल्यावर स्टेजवर गेले आणि त्याच्या पाठीवर थाप मारली.

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी वर्गात हजेरी घेणं बंद केलं. एक कागद फिरवायचे, ज्यानं त्यानं सही करायची. रिटायर होईपर्यंत तो कागद फिरत राहिला. मी एकदा हे व्यंकटला सांगितलं.

“मंग?” तो म्हणाला. “सर हासले की. समद्याच्या समोर हासले. म्या काही खोटं केलं का, मालक?”

खोटं त्यानं कधीच केलं नाही. हेच त्याच्याविषयीचं माझं गाऱ्हाणं आहे, आणि ते लोकांना समजावून सांगणं अवघड जातं.

पुढची दहाएक वर्षं तो मराठवाडाभर विनोदी कार्यक्रम करत हिंडला. लग्नं, गणपती, दुकानांची उद्घाटनं, ऑर्केस्ट्रात दोन गाण्यांच्या मधला वेळ. सुट्टी असली की साउंडला मी जायचो. त्याची तयारी बघण्यासारखी असे, हे कबूल करतो. देगलूरला कार्यक्रम असला की सकाळी बाजारात जाऊन अडत्यांच्या ओट्यावर नुसता बसायचा. संध्याकाळी स्टेजवर आला की तेलुगूकडे वाकलेली तिथली मराठी अशी बोलायचा, की लोक मागे वळून शेजाऱ्याकडे बघायचे, कारण शेजारीच स्टेजवर गेलाय असं वाटायचं. म्हणायचा, “माणसं पडलेलीच असत्यात, मालक. उचलता आली पायजेत.” दुसऱ्याच्या डब्यातली भाजीही तो अशीच उचलायचा. डबा उघडणाऱ्याच्या आधी त्याचा हात तिथं पोचलेला असे.

त्याचे चुलते वारले तेव्हा मी भेटायला गेलो होतो. घरात बायका रडत होत्या. व्यंकट भिंतीला टेकून डोळे मिटून बसलेला. मला वाटलं, दुःखात आहे. बाहेर आल्यावर हळूच म्हणाला, “थोरली आत्या खालून सुरू करती अन् वर जाती. धाकटी डायरेक वरूनच. आयकलंत का?” मी ऐकलं होतं. माझाही धंदा कानाचाच होता. पण मी ते असं ऐकलं नव्हतं.

मग मोबाईलवरचे व्हिडिओ आले आणि व्यंकट घराघरात गेला. पाच-पाच मिनिटांचे तुकडे: तलाठी, कंडक्टर, लग्नातला रुसलेला पाहुणा. लातूरच्या हॉटेलात जेवायला बसलो की पोरं भोवती जमायची. त्या वेळी तो सुखी होता, असं मला वाटतं. मग कोणीतरी त्याला पुण्यात महिनाभराच्या चित्रपट शिबिराला नेलं. परत आला तो दाढी ठेवून, आणि हसणं बंद करून.

“आता हासवायचं न्हाई,” त्यानं मला सांगितलं. “हासवण्यात लई खोट असती. आता खरं करायचं. पिच्चर करायचा. तुमी साउंडला या.”

कोणत्याही निर्मात्याच्या दारात जायचं नाही, शहरातला नट घ्यायचा नाही, खरं गाव, खरी माणसं. मला ते पटलं. कॉलेजातून रजा काढून मी गेलो. लॅबमध्ये वर्षानुवर्षं तेच प्रयोग मांडणाऱ्या माणसाला सिनेमाचं किती अप्रूप असतं, हे ज्याचं त्यालाच ठाऊक.

लोह्याच्या पुढे एका गावात शूटिंग होतं. गोष्ट साधी होती. आई गावात, मुलगा शहरात, आणि एक दिवस वाईट निरोप येतो. आईच्या भूमिकेसाठी व्यंकटनं गावातल्याच कौसाबाईंना निवडलं. त्या शाळेत खिचडी शिजवायच्या. वय पन्नासच्या आसपास, नवरा वारलेला, एकुलता मुलगा ज्ञाना पुण्यात मोटारसायकलवरून पार्सलं पोचवायचा. म्हणजे गोष्ट जवळजवळ त्यांचीच होती. व्यंकटनं मुद्दामच तशी निवड केली होती.

कौसाबाईंना कॅमेऱ्याची भीती नव्हती, लाज होती. चालायचं काम असलं, भाकरी थापायची असली की झकास. पण दुःख दाखवायचं म्हटलं की त्यांना हसू फुटायचं. पदर तोंडाशी धरायच्या आणि खांदे हलायला लागायचे. “मला न्हाई हो जमत. रडू आल्याबिगर कसं रडू?” असं म्हणून परत हसायच्या. युनिटमधले आम्ही पाच-सहा जणही हसायचो. व्यंकट हसत नसे. “खरं द्या, मावशी,” एवढंच म्हणायचा. “खरं द्या.”

त्या आठवड्यात ज्ञानाचा खोलीतला जोडीदार सुदाम गावात आला होता, चुलतबहिणीच्या लग्नासाठी. चार दिवस शूटिंग बघत आमच्यात रेंगाळला. व्यंकट त्याच्याशी फार बोलायचा. पुण्यातली खोली, ड्युटी, ज्ञानाच्या सवयी. सुदाम खूश होता, एवढा मोठा माणूस आपल्याशी बोलतो म्हणून. मग तो पुण्याला परत गेला.

तीन दिवसांनी दुपारी, शाळेतलं काम आटोपून कौसाबाई आल्या. व्यंकट म्हणाला, “मावशी, आज काही अवघड न्हाई. नुसते तांदूळ निवडायचे. कॅमेरा हाय म्हून इसरून जा.” त्या स्वतःच्या घराच्या ओसरीवर सूप घेऊन बसल्या. त्यांचा मोबाईल शेजारी होता, नेहमी असायचा तसा. मी दारामागे माईक लावलेला बूमचा दांडा धरून, कानाला हेडफोन लावून उभा. व्यंकट म्हणाला, “मी जरा मागून बगतो,” आणि घराच्या मागच्या बाजूला गेला. कॅमेरा सुरू झाला. दोन मिनिटं नुसता तांदळाचा आवाज.

मग फोन वाजला. मी कॅमेरावाल्याकडे पाहिलं, त्यानं हातानंच ‘चालू दे’ म्हणून खुणावलं. त्याला माहीत होतं.

कौसाबाईंनी फोन घेतला. पलीकडचा आवाज माईकमध्ये बारीक येत होता. “मावशी, म्या सुदाम. ह्यो दुसऱ्याचा फोन हाय. मावशी, घाबरू नका. ज्ञानाला टेम्पोनं उडवलं.”

आणि प्रत्येक वाक्य मला अर्धा क्षण आधीच ऐकू येत होतं. फोनमधून नाही, भिंतीपलीकडून. माझा माईक चांगला होता. मागच्या बाजूला शेळीच्या गोठ्याजवळ उभा राहून व्यंकट बोलत होता, हुबेहूब सुदामच्या आवाजात, सुदामसारखाच मधेच नाकातून श्वास घेत. फक्त मला ते दोन्हीकडून ऐकू येत होतं. मी एकटाच असा होतो, ज्याला सगळं कळत होतं आणि ज्याच्या हातात माईक होता.

“हाव,” कौसाबाई म्हणाल्या. “हाव. कोन्या दवाखान्यात?” फोन मांडीवर ठेवला. रडल्या नाहीत. सूप पुढे ओढलं आणि तांदूळ निवडायला लागल्या. खडे आणि तांदूळ एकाच ढिगात टाकत होत्या. बराच वेळ. मग उठल्या, दोरीवरचं बाहेर जायचं लुगडं ओढलं, आणि दाराकडे वळून मला विचारलं, “पुण्याची गाडी कवा हाय हो?”

मी उत्तर दिलं नाही. टेक खराब झाला असता.

त्यांनी परत विचारलं. मग व्यंकट मागून आला, “कट” म्हणाला, त्यांचे पाय धरले आणि म्हणाला, “मावशी, काही झालं न्हाई. पोरगं ठणठणीत हाय. म्याच बोललो फोनवर. लई मोठं काम केलं तुमी.” त्याचे डोळे भरून आले होते. ते खरोखर भरून आले होते, मी जवळून पाहिलं.

कौसाबाईंनी पाय सोडवून घेतले. “ज्ञानाला लावा फोन,” एवढंच म्हणाल्या. ज्ञाना ड्युटीवर होता, फोन बंद. सुदामचाही लागेना. मी लावला, कॅमेरावाल्यानं लावला. त्यांचा आता कोणाच्याच बोलण्यावर विश्वास बसत नव्हता, आणि का बसावा? ते लुगडं हातात घेऊन त्या ओसरीवर बसून राहिल्या. ज्ञानाचा फोन लागला तेव्हा दिवस मावळत आला होता. त्यांनी त्याला विचारलं, “जेवलास का?” आणि फोन माझ्या हातात देऊन आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी शाळेत गेल्या, खिचडी शिजवली. मी चुलीपाशी जाऊन उभा राहिलो.

“तुमी कानाला लावून आयकत व्हता ना?” त्यांनी विचारलं.

“हाव,” मी म्हणालो.

त्यांनी मान हलवली आणि खिचडीत झारा फिरवू लागल्या. त्या मान हलवण्याचा अर्थ मी आजवर लावत बसलोय.

व्यंकटवर राग धरणारा मी, तेव्हा शूटिंग सोडून का नाही आलो? नाही आलो. उरलेले सहा दिवस काम केलं. कौसाबाईही आल्या, कारण शब्द दिला होता. फक्त त्यानंतर त्या एकदाही पदर तोंडाशी धरून हसल्या नाहीत, आणि व्यंकट म्हणायचा, “आता बगा, मावशी आता नटी झाली.”

चित्रपट परदेशातल्या एका महोत्सवात गेला, तिथं बक्षीस मिळालं, मग देशातही फिरला. चित्रपट चांगला आहे. मी तो तीनदा पाहिलाय. कौसाबाई दाराकडे वळून “पुण्याची गाडी कवा हाय हो?” विचारतात आणि उत्तर येत नाही, तिथं सगळं थिएटर श्वास रोखून बसतं. एकानं पेपरात लिहिलं, ही आई आपल्या सगळ्या समाजाला विचारते आहे आणि समाज गप्प आहे. समाज कसला, मी गप्प होतो. त्या दृश्यापेक्षा खरं मी पडद्यावर दुसरं काही पाहिलेलं नाही, आणि तेच मला सोसत नाही.

मुलाखतींत व्यंकटला विचारायचे, अशिक्षित बाईकडून एवढा अभिनय कसा काढून घेतलात? तो मान खाली घालायचा. “विश्वास,” म्हणायचा. “माणसाचा विश्वास जिंकावा लागतो.”

लातूरला सत्कार ठरला. मोठा हॉल, खुर्च्या भरलेल्या, मागे लोक उभे. साउंड माझ्याकडेच होता. कौसाबाईंना गाडीनं आणलं होतं. त्यांना पिवळी साडी आणि नारळ दिला, टाळ्या झाल्या. संयोजकानं माईक त्यांच्यापुढे धरला, दोन शब्द बोला म्हणून. आवाज बारीक येत होता, मी वाढवला.

“मला भाषन येत न्हाई,” त्या म्हणाल्या. “ह्या माणसानं मला फोनवर सांगितलं की तुजं पोरगं गाडीखाली आलं. म्हून मी तशी बसले. ह्याच्यात माजी काही कला न्हाई. कुन्याबी बाईला असं सांगितलं तर ती तशीच बसल.”

पहिल्या रांगेतल्या एका बाईंनी चष्मा काढला. मला वाटलं, आता होणार. आता हा माणूस उघडा पडणार.

व्यंकट उठला. दुसरा माईक घेतला, खांद्यावर नसलेला पदर सारखा केला, ओठ जरा मुडपले, आणि कौसाबाईंच्या आवाजात, त्यांच्याच ठेक्यात म्हणाला, “अन् बगा की हो, मेल्यानं पोरगं मारलं ते मारलं, वरून साडी बी पिवळी दिली.”

हॉल फुटला. लोक खुर्च्यांवर हात आपटत होते. इतकी वर्षं हसवणं बंद केलेल्या माणसाचं पहिलं वाक्य, आणि तेही असं जमलेलं. मागून शिट्ट्या आल्या. लोकांना वाटलं, दोघांनी ठरवून केलं. कौसाबाईंनी पदर तोंडावर घेतला. सगळ्यांना वाटलं, त्याही हसताहेत. मी मिक्सरपाशी होतो, त्यांचा माईक अजून उघडा होता, आणि त्यात हसण्याचा आवाज नव्हता. मी तो बंद केला.

कार्यक्रमानंतर मी व्यंकटला गाठलं. “हे काय केलंस?” मी प्रथमच त्याला अरेतुरे केलं.

“सावरून घेतलं,” तो म्हणाला. घामानं भिजला होता आणि चेहरा उजळला होता. “हातातनं चाललं व्हतं, मालक. तिचंबी हसंच झालं असतं. लोकायला आवडलं, बगितलं न्हाई का?”

“ती बाई रडत होती.”

त्यानं कपाळ पुसलं. मग म्हणाला, “तुमी तरी कवा थांबवलं मला?”

मी वायरी गुंडाळल्या आणि नांदेडला आलो. त्यानंतर त्याचं काम केलं नाही. त्यानं आणखी दोन चित्रपट काढले. ते मी पाहिले नाहीत. ऐकलं ते असं की गावोगावी लोक त्याला चहा पाजायचे, पण कॅमेऱ्यापुढे यायला तयार होत नसत. शेवटी पुण्याहून नट आणावे लागले, आणि त्यांना मराठवाड्याचं बोलणं शिकवता शिकवता तो जेरीस आला. हे ऐकून मला आनंद झाला होता.

गेल्या उन्हाळ्यात ज्ञानाचं लग्न झालं. कौसाबाईंनी पत्रिका पाठवली, वर फोन केला. गावात मांडवात शिरलो तर व्यंकट एका खुर्चीवर एकटा बसलेला. दाढी पांढरी झाली होती. मी कौसाबाईंना बाजूला घेऊन विचारलं, “ह्याला कोणी बोलावलं?”

“म्या बोलावलं,” त्या म्हणाल्या. “येतो का न्हाई ते बगायचं व्हतं. आला.”

पंगत बसली. व्यंकट खाली मान घालून वरणभात खात होता, मी त्याच्या समोरच्या रांगेत. कौसाबाई स्वतः वाढायला निघाल्या, बुंदीचं ताट घेऊन. त्याच्यापुढे आल्या तशी त्यानं हात जोडले.

“मावशी, माजं चुकलं,” तो म्हणाला. “लई चुकलं.”

आवाज पातळ होता, जरा चिरका, शेवटी तुटणारा. मी इतकी वर्षं त्याला ऐकत आलो, हा आवाज ओळखीचा नव्हता. त्याचा स्वतःचा असेल. की आणखी कोणाचा उचललेला? पत्रावळीवर हात ठेवून मी आठवत राहिलो, कोण असं बोलतं. आठवेना.

कौसाबाईंनी बुंदी वाढली. “जेवा,” म्हणाल्या. त्यानं मान वर केली, अजून काही येईल म्हणून. त्यांनी आणखी एक मूठ वाढली आणि पुढच्या पानाकडे सरकल्या.

तेवढ्यात मुंडावळ्या बांधलेला ज्ञाना आला. त्याला फोनची गोष्ट ठाऊक होती, पण लातूरच्या हॉलमधल्या लोकांसारखीच, एक गंमत म्हणून. “सर, एक फोटो पायजे बगा,” म्हणाला आणि व्यंकटला खांद्याला धरून उठवलं. “आई, तूबी ये.”

“मला वाढायचंय,” कौसाबाई म्हणाल्या आणि वळल्याही नाहीत.

सुदामनं मोबाईल धरला. ज्ञानानं व्यंकटच्या गळ्यात हात टाकला. व्यंकट पंगतीकडे बघत होता, पिवळ्या बुंदीचं ताट घेऊन लांब लांब जाणाऱ्या बाईकडे.

“सर, इकडं बगा. हासा जरा,” सुदाम म्हणाला.

व्यंकटनं मोबाईलकडे पाहिलं आणि हसला. मग उष्टा हात तसाच वर धरून मांडवाबाहेर पाण्याच्या पिंपाकडे गेला. मी जेवून बाहेर आलो तेव्हा त्याची गाडी नव्हती. त्याच्या पानातली बुंदी तशीच होती. पंगत उठल्यावर कौसाबाईंनी ते पान उचललं आणि बाकीच्या पानांसोबत टोपलीत टाकलं.